गणक २.१ आणि रिकामी पॉलिसी फाइल : प्रकल्प नोंदी

५ फेब्रुवारी २०२४, सोमवार

गणक २.१ मागच्या बुधवारी सगळ्या मशीनवर गेलं. आज सकाळी पहिली तक्रार आली : एक्सेल उघडतं, पण वरच्या पट्टीतला 'तक्ता' टॅबच गायब. दुपारपर्यंत तशी सात मशीन झाली. एकूण चाळीस, म्हणजे तेहेतीस ठिकाणी व्यवस्थित चालतंय.

मागाहून वाचणाऱ्यासाठी थोडक्यात मांडणी. 'गणक' ही आमची सामायिक लायब्ररी, एकच डीएलएल (तयार कोडची फाइल, डॉटनेटच्या भाषेत 'असेम्ब्ली'). ती मायक्रोसॉफ्टच्या डॉटनेट प्रणालीच्या ग्लोबल असेम्ब्ली कॅश या सामायिक साठ्यात (आमच्या तोंडी 'गॅक') बसते आणि तिघं तिच्यावर उभे आहेत (त्यातली दोन अ‍ॅड-इन, म्हणजे ऑफिसला जोडलेले पूरक प्रोग्राम) : एक्सेलचं 'तक्ता' अ‍ॅड-इन, वर्डचं 'पत्र' अ‍ॅड-इन आणि रात्री चालणारा एक छोटा प्रोग्राम. तक्ता व्हीएसटीओ या मायक्रोसॉफ्टच्या साधनावर लिहिलंय. पत्र त्याच्या कितीतरी आधीचं, कॉम या मायक्रोसॉफ्टच्या जुन्या पद्धतीचं अ‍ॅड-इन. तिन्ही गणक २.० ला जोडून बिल्ड केलेले (कोडपासून तयार केलेले) आहेत.

२.१ देताना तिघांनाही पुन्हा बिल्ड करायचं टाळलं. त्याऐवजी सोबत पॉलिसी फाइल दिली : जो कोणी २.० मागेल त्याला २.१ द्या. हा निर्णय माझा. महिनाअखेर होती, वेळ नव्हता.

सातपैकी एका मशीनवर रजिस्ट्री (विंडोजची सेटिंगची नोंदवही) पाहिली. तक्त्याची लोडबिहेवियर ही नोंद ३ असायला हवी, ती २ झाली आहे. म्हणजे एक्सेलने अ‍ॅड-इन उचलायचा प्रयत्न केला, काहीतरी फुटलं आणि त्याने ते गुपचूप बाजूला ठेवलं. कसलाही निरोप नाही. परत ३ केलं, एक्सेल उघडलं, पुन्हा २.

६ फेब्रुवारी, मंगळवार

ऑफिस अ‍ॅड-इनच्या चुका आपल्या पोटात ठेवतं. त्या बाहेर काढायच्या तर व्हीएसटीओ_सप्रेसडिस्प्लेअलर्ट्स हा एन्व्हायर्नमेंट व्हेरिएबल शून्य करावा लागतो. केला. आता खिडकी आली : सापडलेल्या असेम्ब्लीची ओळख मागितलेल्या ओळखीशी जुळत नाही, शून्य-एक्स-८०१३१०४०.

हा आकडा ज्याने एकदा पाहिला तो विसरत नाही. फाइल सापडली आहे, नावही तेच आहे, पण आवृत्ती, कल्चर (भाषा) किंवा सहीचं टोकन (सहीच्या किल्लीची छोटी खूण) यातलं काहीतरी वेगळं निघालंय. 'फाइल सापडली नाही' याहून हे जास्त चिडवणारं, कारण फाइल डोळ्यांसमोर असते.

मग पॉलिसी जागेवर आहे का ते पाहायला गेले आणि इथे अख्खी सकाळ घालवली. विंडोज फोल्डरातलं 'असेम्ब्ली' उघडलं, एक्सप्लोररने नेहमीची नीटनेटकी यादी दाखवली, त्यात आमची पॉलिसी नाही. लगेच निष्कर्ष काढला की इन्स्टॉलरने ती बसवलीच नाही. इन्स्टॉलर बघणाऱ्याला बोलावलं. तो शांतपणे म्हणाला, "अगं, तू जुन्या गॅकमध्ये बघतेयस."

खरंच होतं. डॉटनेट ४ पासून, म्हणजे २०१० पासून, नव्या असेम्ब्ल्या वेगळ्या ठिकाणी बसतात : विंडोज, त्यात मायक्रोसॉफ्ट.नेट, त्यात असेम्ब्ली. जुनं फोल्डर ३.५ पर्यंतच्या मंडळींचं, आणि एक्सप्लोरर सजवून दाखवतो ते फक्त तेच. नवं फोल्डर साधं आहे, फोल्डरात फोल्डर. हे मला माहीत होतं. हात मात्र सवयीने जुन्या दारावर गेला.

नव्या ठिकाणी पॉलिसी होती. ती कुठे होती याकडे मात्र आज लक्ष दिलं नाही. 'आहे' एवढंच पाहून फोल्डर बंद केलं.

७ फेब्रुवारी, बुधवार

अंदाज बांधणं थांबवून फ्यूजन लॉग सुरू केला. डॉटनेट कोणती असेम्ब्ली कुठे शोधतं आणि कुठल्या नियमाने शोधतं, ते हा लॉग ओळीओळीने सांगतो. रजिस्ट्रीत फ्यूजन या नोंदीखाली फोर्सलॉग १ केलं आणि लॉगपाथला फोल्डर दिलं. ते फोल्डर आधी हाताने बनवावं लागतं, नाहीतर काहीच उमटत नाही आणि लॉग सुरू आहे या समजात आपण बसून राहतो.

बिघडलेल्या मशीनवरचा लॉग, माझ्या शब्दांत :

मागणी : गणक, आवृत्ती २.०.०.०.
अ‍ॅड-इनची कॉन्फिग (सेटिंगची) फाइल वापरली, तीत रिडायरेक्ट (दुसऱ्या आवृत्तीकडे वळवणारी सूचना) नाही.
प्रकाशकाची (लायब्ररी देणाऱ्याची, इथे आमचीच) पॉलिसी फाइल सापडली नाही.
मशीन कॉन्फिगमध्ये (अख्ख्या मशीनला लागू सेटिंगच्या फाइलमध्ये) रिडायरेक्ट नाही.
पॉलिसीनंतरची मागणी : गणक, २.०.०.०.
गॅकमधला शोध निष्फळ.
अ‍ॅड-इनच्या फोल्डरात शोध. गणक सापडलं.
इशारा : तुलना करताना फरक, मायनर व्हर्जन (आवृत्तीतला दुसरा आकडा).
शोध थांबवला.

चालणाऱ्या मशीनवर तिसरी ओळ वेगळी आहे : पॉलिसी फाइल सापडली, २.०.०.० वरून २.१.०.० कडे वळवलं. पुढे सगळं सरळ.

म्हणजे घडलं असं. बिघडलेल्या मशीनवर पॉलिसी दिसली नाही, म्हणून मागणी २.० वरच राहिली. गॅकमधलं २.० नव्या इन्स्टॉलरने काढून टाकलेलं. मग अ‍ॅड-इनच्या फोल्डरात पाहिलं तर तिथे २.१ ची प्रत ('असू दे, अडीअडचणीला' म्हणून कोणीतरी पॅकेजमध्ये टाकलेली) सापडली, आणि ती जुळली नाही. ही प्रत नसती तर चूक 'फाइल सापडली नाही' अशी आली असती आणि मी एक दिवस आधी इथे पोचले असते.

प्रश्न एवढाच उरला : पॉलिसी फाइल डिस्कवर आहे, मी काल डोळ्यांनी पाहिली, मग फ्यूजनला ती का दिसत नाही?

८ फेब्रुवारी, गुरुवार

सापडलं. जेवणाआधी.

नव्या गॅकमध्ये तीन कप्पे असतात : गॅक_३२, गॅक_६४ आणि गॅक_एमएसआयएल. पहिल्यात फक्त ३२ बिटची, दुसऱ्यात फक्त ६४ बिटची, तिसऱ्यात दोन्हींना चालणारी असेम्ब्ली. ६४ बिटचा प्रोग्राम गॅक_६४ पाहतो आणि गॅक_एमएसआयएल पाहतो. गॅक_३२ कडे तो ढुंकूनही बघत नाही.

आमचं गणक एमएसआयएलमध्ये आहे. आमची पॉलिसी गॅक_३२ मध्ये.

पॉलिसी फाइलही शेवटी असेम्ब्लीच असते आणि तीही याच नियमाने शोधली जाते. तिच्यात कोडची एक ओळ नाही, ३२ बिट-६४ बिट यांच्याशी तिला काही देणंघेणं नाही. पण ती बनवताना एएल या असेम्ब्ली बनवणाऱ्या टूलला प्लॅटफॉर्म सांगता येतो, आणि आमच्या बिल्ड स्क्रिप्टमध्ये तो 'एक्स८६' (म्हणजे ३२ बिट) असा लिहिलेला. कोणत्या तरी नमुन्यातून ओळ उचलून चिकटवली होती. स्क्रिप्टच्या इतिहासात नाव पाहिलं. माझंच.

सात मशीन कोणती, ते आता सांगायलाच नको : ज्यांच्यावर ६४ बिट ऑफिस आहे ती. पूर्वी ऑफिस बसवताना मुद्दाम मागितलं नाही तर ३२ बिट यायचं, २०१९ च्या आवृत्तीपासून ते उलटलं. आमच्याकडची नवी मशीन तेवढी ६४ बिट. माझं ३२, टेस्टिंगवालीचं ३२, बिल्ड करणाऱ्या मशीनवर ऑफिसच नाही. दिसणार कुणाला?

त्या कप्प्यातलं पॉलिसीचं फोल्डर नीट पाहून घेतलं. वरच्या फोल्डरचं नाव 'पॉलिसी.२.०.गणक'. आत आवृत्तीचं फोल्डर, त्याच्या नावात आधी रनटाइमची खूण, मग पॉलिसीची स्वतःची आवृत्ती १.०.०.०, मग सहीचं सोळा अक्षरी टोकन. त्यात दोन फाइली. एक काही केबींची डीएलएल, दुसरी एक्सएमएल. डीएलएल उघडून पाहिली : मॅनिफेस्ट (असेम्ब्लीची स्वतःबद्दलची यादी) आहे, आणि मॅनिफेस्टमध्ये शेजारच्या एक्सएमएल फाइलचं नाव व हॅश (मजकुरावरून काढलेला ठसा). संपलं. सगळा अधिकार त्या एक्सएमएलमधल्या एका ओळीचा, जुनी आवृत्ती अमुक, नवी तमुक.

नावातला '२.०' हा पॉलिसीचा नंबर नाही, याची नोंद इथे करून ठेवते, कारण दर वेळी कुणीतरी गोंधळतं. कोणत्या आवृत्तीची मागणी वळवायची, तिचा मेजर-मायनर (पहिले दोन आकडे) तो. २.० मागणाऱ्यासाठी पॉलिसी.२.०, १.५ मागणाऱ्यासाठी पॉलिसी.१.५. नाव चुकलं तर फाइल आयुष्यभर गॅकमध्ये पडून राहते आणि तिला कोणी विचारत नाही. सहीसुद्धा मूळ लायब्ररीच्याच किल्लीने व्हायला हवी. तसं नसतं तर कोणीही उठून दुसऱ्याच्या लायब्ररीची मागणी आपल्याकडे वळवली असती.

९ फेब्रुवारी, शुक्रवार

दुरुस्ती सोपी वाटली. स्क्रिप्टमधला प्लॅटफॉर्म 'एनीसीपीयू' (३२ आणि ६४ बिट दोन्हींना चालणारा) केला, पॉलिसी पुन्हा बनवली.

मधे एक फुकटचा तास गेला. डीएलएल बनल्यावर एक्सएमएलमध्ये आवृत्तीची एक मर्यादा चुकलेली दिसली, म्हणून तीच फाइल नोटपॅडमध्ये सुधारली आणि गॅकयुटिल (गॅकमध्ये असेम्ब्ली बसवणारं-काढणारं टूल) चालवलं. नकार. अर्थातच : हॅश मॅनिफेस्टमध्ये आधीच कोरलेला. एक्सएमएलला बोट लावलं की डीएलएल नव्याने बनवायची, आणि बसवताना दोन्ही फाइली एकाच फोल्डरात हव्यात.

टेस्टिंगवालीच्या मशीनवर (तिला काल ६४ बिट ऑफिस टाकून दिलं) गॅकयुटिल नव्हतंच. ते एसडीकेबरोबर (प्रोग्राम बनवणाऱ्यांच्या साधनसंचाबरोबर) येतं, प्रोग्राम चालवायला लागणाऱ्या साध्या रनटाइमबरोबर नाही. माझ्याकडून नेलं, अ‍ॅडमिनिस्ट्रेटर म्हणून चालवलं, पॉलिसी बसवली. जुन्या १.०.०.० शी गल्लत नको म्हणून पॉलिसीची स्वतःची आवृत्ती १.०.०.९ दिली. एकाच नावाच्या अनेक पॉलिसी असतील तर सर्वात वरच्या आवृत्तीची चालते. लोडबिहेवियर परत ३ केलं (हे आपोआप सुधारत नाही, लक्षात ठेवा). एक्सेल उघडलं. तक्ता टॅब आला.

टेस्टिंगवाली म्हणाली, "छान. आता मी सगळं पहिल्यापासून तपासते, पत्रसुद्धा." मी म्हटलं, पत्र कशाला, त्याला आपण हातच लावला नाहीये. ती म्हणाली, "तू नसशील लावला."

१२ फेब्रुवारी, सोमवार

ती बरोबर होती.

पत्र अ‍ॅड-इन दर महिन्याला प्रत्येक कामाचे तास पूर्णांकात छापतं. डिसेंबरच्या आकड्यांवरून तिने पत्र पुन्हा काढलं. जुन्या प्रतीत एका ओळीला ४२ तास, नव्या प्रतीत ४३. मूळ आकडा ४२.५. आणखी एक ओळ : मूळ ६.५, जुन्या प्रतीत ६, नव्या प्रतीत ७. आणि १७.५ मात्र दोन्हीकडे १८.

हे पाहताक्षणी पोटात गोळा आला, कारण २.१ काढलं होतं ते याच्याचसाठी. डॉटनेटचं मॅथ.राउंड काहीच सांगितलं नाही तर अर्ध्यावरचा आकडा जवळच्या सम संख्येकडे नेतं : २.५ चे २, ३.५ चे ४. मोठ्या बेरजांमध्ये एकाच बाजूला कल येऊ नये म्हणून ही रीत. तक्ता वापरणाऱ्यांना शाळेतली रीत हवी होती, अर्धा आला की वर. म्हणून २.१ मध्ये गोलाईची पद्धत बदलली. तक्त्यासाठी. पत्राने तसं काहीच मागितलं नव्हतं.

पॉलिसी मात्र कोण मागतंय हे पाहत नाही. त्या मशीनवर जो जो गणक २.० मागेल, त्या प्रत्येकाला ती २.१ कडे वळवते.

आणि खरी गोष्ट यानंतर लक्षात आली. ६४ बिटची सात मशीन बंद पडली, ओरडली, आणि म्हणून त्यांच्यावरून एकही चुकीचं पत्र गेलं नाही. उरलेली तेहेतीस, जी मी पाच तारखेला 'व्यवस्थित चालतंय' म्हणून लिहून मोकळी झाले, त्यांच्यावर पॉलिसी पहिल्या दिवसापासून लागू होती. जानेवारीची पत्रं त्यातल्या काहींवरून निघून गेली आहेत. मी गेला आठवडाभर चुकीच्या मशीनची शुश्रूषा करत होते.

सरांना संध्याकाळी सांगितलं. त्यांनी एकच विचारलं, "किती पत्रं?" उद्या मोजते.

१३ फेब्रुवारी, मंगळवार

एकोणीस पत्रांमध्ये फरक आहे. कुठेही एका ओळीत एका तासाहून जास्त नाही, पण एकोणीस म्हणजे एकोणीस. ती पुन्हा काढून, बदलाची एक ओळ जोडून, पाठवली जातील. ते काम दुसऱ्या वहीत.

इथे उपायाबद्दल लिहिते, कारण त्यावर आज बरीच डोकेफोड झाली.

पहिला विचार : पत्राला या पॉलिसीतून सूट द्यावी. डॉटनेटमध्ये तशी सोय आहे. अ‍ॅप्लिकेशनच्या कॉन्फिग फाइलमध्ये पब्लिशरपॉलिसी हा घटक लिहून त्याचा अ‍ॅप्लाय 'नो' ठेवला की प्रकाशकाने काहीही सांगितलं तरी ते अ‍ॅप्लिकेशन मूळ आवृत्तीच मागतं. तक्त्याला हे जमलं असतं. व्हीएसटीओ प्रत्येक अ‍ॅड-इनला स्वतःचं वेगळं अ‍ॅपडोमेन (प्रोग्रामच्या आतला स्वतंत्र कप्पा) देतं आणि तक्त्याची कॉन्फिग फाइल त्याच्याच डीएलएलशेजारी असते.

पत्राचं तसं नाही. ते जुन्या पद्धतीने थेट एमएसकोरईई.डीएलएल (डॉटनेट सुरू करणारी फाइल) मार्फत चढतं आणि वर्डच्या मुख्य अ‍ॅपडोमेनमध्ये, अशाच इतर अ‍ॅड-इनच्या मांडीला मांडी लावून बसतं. तिथे 'अ‍ॅप्लिकेशन' म्हणजे वर्ड. कॉन्फिग फाइल लिहायची तर ती विनवर्डच्या एक्झीशेजारी ठेवावी लागेल आणि ती त्या डोमेनमधल्या सगळ्यांना लागू होईल. दुसऱ्याच्या प्रोग्रामच्या फोल्डरात आपली फाइल टाकायची, आणि तिथे बसलेल्या अनोळखी अ‍ॅड-इनची वागणूक बदलायची. नाही.

दुसरा विचार : मशीन कॉन्फिग. क्रम असा की आधी अ‍ॅप्लिकेशनची कॉन्फिग, मग प्रकाशकाची पॉलिसी, शेवटी मशीनची कॉन्फिग, आणि शेवटच्याचं म्हणणं अंतिम. म्हणजे मशीन कॉन्फिगमध्ये '२.१ मागितलं तर २.० द्या' असं लिहिता येईल. पण मग तक्त्यालाही २.० मिळेल. शिवाय ३२ आणि ६४ बिटच्या मशीन कॉन्फिग दोन वेगळ्या फोल्डरात असतात, दोन्ही सुधारायच्या. आपण नुकतेच नेमक्या त्याच खड्ड्यात पडून बाहेर आलोय.

तिसरा विचार इन्स्टॉलरवाल्याचा : "गणकला २.२ काढ, त्यात गोलाईचा पर्याय दे, न सांगितल्यास जुनी रीत. आणि २.१ वरून २.२ ची पॉलिसी टाक." ऐकायला बरं. पण पॉलिसी साखळीने चालत नाहीत. २.० मागणाऱ्याला पॉलिसी.२.० ने २.१ कडे वळवलं की त्याचा प्रवास तिथेच संपला, पॉलिसी.२.१ त्याला विचारली जात नाही. म्हणजे प्रत्येक नव्या आवृत्तीला मागच्या प्रत्येक आवृत्तीची पॉलिसी नव्याने बनवायची, प्रत्येकीचा रोख थेट शेवटच्यावर. ऑफिसच्या स्वतःच्या इंटरऑप असेम्ब्ल्यांचं (डॉटनेटचा कोड ऑफिसशी जोडणाऱ्या) असंच आहे : ११.०, १२.० आणि १४.० यांच्या पॉलिसी शेजारी शेजारी बसलेल्या (१३ आकडा त्यांनी गाळलाच) आणि रोख १५.०.०.० वर. ऑफिस २०१६ ची आवृत्ती १६ असली तरी त्या इंटरऑप असेम्ब्ली १५ वरच थांबल्या आहेत. त्यांना ते परवडतं, कारण जुना कोड मोडणार नाही हे पाहायला त्यांच्याकडे माणसं आहेत. आमच्याकडे एक टेस्टिंगवाली आहे.

चौथा विचार माझा, आणि तो सोमवारी रात्रीच ठरला होता : पॉलिसी काढून टाकायची. २.० परत आणायचं. दोन्ही आवृत्त्या गॅकमध्ये शेजारी राहू देत. गॅक त्यासाठीच तर बनलं. तक्ता २.१ ला जोडून पुन्हा बिल्ड करायचं, पत्र आणि रात्रीचा प्रोग्राम २.० वर सुखात राहू देत. पुन्हा बिल्ड करायला किती वेळ लागतो ते आज घड्याळ लावून पाहिलं. अकरा मिनिटं.

१५ फेब्रुवारी, गुरुवार

काढणं टाकण्याइतकं सोपं नाही. माझ्या मशीनवर गॅकयुटिलने जुनी पॉलिसी काढायला गेले तर उत्तर : ही असेम्ब्ली दुसऱ्या कोणाला तरी लागते, आणि खाली प्रलंबित संदर्भ म्हणून विंडोज इन्स्टॉलरचं नाव. एमएसआय पॅकेजने बसवलेल्या गोष्टीचा हिशेब इन्स्टॉलर स्वतःकडे ठेवतो, त्याने सोडल्याशिवाय ती निघत नाही. वैताग येतो खरा, पण तेच बरं आहे. कोणीही येऊन हाताने उपसत बसलं असतं.

इन्स्टॉलरवाल्याने नवं पॅकेज बनवलं : पॉलिसी नाही, २.० आणि २.१ दोन्ही, तक्त्याच्या फोल्डरातली ती 'अडीअडचणीची' प्रत हद्दपार. लोडबिहेवियर ३ वर आणायची पायरीही त्याने आपणहून घातली. मी सांगायला विसरले होते.

तक्त्यात आणखी एक बदल जाता जाता केला. एक्सेलच्या इंटरऑप असेम्ब्लीला 'एम्बेड इंटरऑप टाइप्स' लावलं. लागणारे तेवढेच टाइप आपल्या डीएलएलमध्ये येतात आणि चालवताना ऑफिसच्या इंटरऑप असेम्ब्लीची, पर्यायाने तिच्या पॉलिसींचीही, गरज उरत नाही. ही सोय व्हिज्युअल स्टुडिओ २०१० पासून आहे. आम्ही ती आत्ता लावली. असो.

२० फेब्रुवारी, मंगळवार

नवं पॅकेज दहा मशीनवर. सहा ३२ बिट, चार ६४ बिट. दोन्हीकडे फ्यूजन लॉग पाहिला. तक्ता २.१ मागतो, २.१ मिळतं. पत्र २.० मागतं, पॉलिसी फाइल सापडली नाही, २.० मिळतं. 'सापडली नाही' ही ओळ वाचून या वेळी बरं वाटलं.

४२.५ चे पत्रात ४२, तक्त्यात ४३. हा फरक आता जाणूनबुजून आहे, आणि तो वापरणाऱ्यांना लिहून कळवला आहे. दोन्हीकडे एकच रीत असावी का, हा वेगळा वाद, तो त्यांनी घालायचा.

लॉग बंद केला. फोर्सलॉग चालू राहिला तर प्रत्येक असेम्ब्लीमागे एक फाइल बनते. तीन दिवसांत माझ्या त्या फोल्डरात हजारो फाइली साठल्या होत्या.

२६ फेब्रुवारी, सोमवार

चाळीसही झाली. बिल्डमध्ये एक तपासणी घातली : पॅकेजमध्ये 'पॉलिसी.' ने सुरू होणारी असेम्ब्ली आढळली तर बिल्ड थांबवायचं आणि माणसाला विचारायचं. बंदी नाही घातली. उद्या गणकमध्ये सुरक्षेची काही भेग निघाली तर तिघांना एका फटक्यात नव्या आवृत्तीवर नेणारं याहून चांगलं हत्यार नाही.

रात्रीचा प्रोग्राम पुढेमागे नव्या डॉटनेटवर न्यायचा आहे. तिकडे गॅकही नाही आणि प्रकाशकाची पॉलिसीही नाही, ज्याने त्याने आपली प्रत आपल्या फोल्डरात बाळगायची. तेव्हाचे प्रश्न वेगळे असतील.

४ मार्च, सोमवार

फेब्रुवारीची पत्रं निघाली. एकोणचाळीस मशीनवर बरोबर. एकावर ४३.

मशीन टेस्टिंगवालीचं. तिनेच पकडलं आणि काही न बोलता लॉगची खिडकी माझ्याकडे वळवली : पॉलिसी फाइल सापडली, २.०.०.० वरून २.१.०.० कडे वळवलं. मी म्हटलं, शक्यच नाही, पॅकेजने काढलीय. गॅक_३२ पाहिलं, स्वच्छ. गॅक_एमएसआयएल पाहिलं. पॉलिसी.२.०.गणक, आवृत्ती १.०.०.९.

नऊ तारखेला मीच हाताने बसवलेली. कोणत्याच पॅकेजने ती आणली नव्हती, म्हणून कोणत्याच पॅकेजने ती नेली नाही.

"पूर्ण नाव दे हं," ती म्हणाली, "नुसतं नाव दिलंस तर त्या नावाच्या सगळ्या आवृत्त्या उडतात." पूर्ण नाव दिलं, आवृत्ती, कल्चर, टोकन, सगळं. गॅकयुटिल : काढलेल्या असेम्ब्ली १, अपयश ०. तिने वर्ड उघडलं, पत्र पुन्हा काढलं, त्या ओळीवर बोट ठेवलं. ४२.